पेपरच्या गाडीचं वजन

पेपर हलका असतो, असं वाचणाऱ्याला वाटतं. एका हातात चहा, दुसऱ्या हातात पेपर, अशी त्याची पेपराशी ओळख असते. पेपर पोचवणाऱ्याची ओळख वेगळी असते. त्याच्यासाठी पेपर म्हणजे सुतळीने आवळलेला गठ्ठा. विटांइतका घट्ट, ओल लागली तर त्याहून जड.

नांदेडच्या एका दैनिकात मी नोकरीला होतो. लातूर नवा जिल्हा झाला तेव्हा आमच्या पेपरने नव्या जिल्ह्यासाठी एक पान सुरू केलं आणि ते पान माझ्याकडे आलं. लातूरला कार्यालयाची खोली अजून मिळाली नव्हती. त्यामुळे पहाटे गठ्ठ्यांसोबत नांदेडहून निघायचं, दिवसभर लातुरात बातम्या गोळा करायच्या आणि त्याच गाडीने परत यायचं, असा पहिल्या वर्षाचा क्रम होता. बातमीदारीबद्दल पुष्कळांनी लिहिलं आहे. हे लेखन गाडीबद्दल आहे.

गाडी म्हणजे गोल पाठीची, जाड पत्र्याची, डिकी असलेली जुनी मोटार. सरकारी अधिकारी आणि लग्नातले नवरदेव त्या काळी अशाच गाडीत बसत. चालक बसवंतआप्पा उदगीरचे. कपाळावर भस्माचे तीन पट्टे, तोंडात सतत काहीतरी टीका. रस्ता, पुढचा ट्रक, आमचा अग्रलेख, कशालाही सूट नव्हती.

गाडीत गठ्ठे कुठे ठेवायचे याचे आप्पांचे नियम होते. जड गठ्ठे मागच्या सीटपुढे, पाय ठेवायच्या जागेत. त्याहून हलके सीटवर. डिकीत शेवटी आणि कमीत कमी. कारण साधं आहे. डिकी मागच्या चाकांच्याही मागे असते. तिथे वजन टाकलं की गाडीची शेपटी खाली बसते आणि तोंड वर उठतं. पुढच्या चाकांवरचा भार कमी होतो, स्टेअरिंग हाताला हलकं लागतं, आणि नवखा माणूस त्यालाच सुख समजतो. वळणावर गाडी ऐकेनाशी झाली की मग कळतं. पहाटेच्या अंधारात आणखी एक गोष्ट व्हायची. दिव्यांचा झोत रस्त्याऐवजी झाडांच्या शेंड्यांवर पडायचा.

"पाखरं मोजायला निघालो का आपुन?" आप्पा विचारायचे आणि उतरून गठ्ठे पुढे घ्यायला लावायचे.

आमच्या व्यवस्थापकांना ही गाडी आवडत नव्हती. ती पेट्रोल फार पिते, असं त्यांचं म्हणणं, आणि ते खरं होतं. प्रत्येक गावाला थांबून पुन्हा वेग घ्यायचा म्हणजे तेवढं लोखंड दरवेळी नव्याने ढकलायचं. एकदा त्यांनी दुसऱ्या बनावटीची लहान, हलकी मोटार चाचणीसाठी मागवली. रिकामी असताना ती झटकन वेग घ्यायची आणि ब्रेक दाबल्यावर जागेवर थांबायची. चिखलात आमची गाडी रुतायची तिथून ती सहज निघून गेली. आप्पांनीही ते मान्य केलं. मग तिच्यात पूर्ण गठ्ठे भरले. जेवढ्या वजनाने आमची गाडी जेमतेम वाकायची, तेवढ्यात हलकीचं मागचं पोट प्रत्येक खड्ड्याला घासायला लागलं. वजन तेच होतं. गाडीच्या मानाने ते जास्त होतं, एवढंच. किनवटच्या जंगलातल्या रस्त्याला ती पुढे उपयोगी पडली, कारण तिथे अंक कमी जायचे. लातूरला जुनीच राहिली.

लोक गाडीत काय काय घालायला बघायचे, त्याची यादी मोठी होईल. धर्माबादच्या एका व्यापाऱ्याने मिरचीचं पोतं डिकीत टाकू दिलं तर वर्षभराची जाहिरात देतो असं सांगितलं होतं. पोतं हलकं होतं, म्हणून घेतलं. दुसऱ्या दिवशी त्या वाटेवरचे वाचक शिंकत पेपर वाचत होते. मुखेडच्या एजंटने सासूबाईंना पाठवलं होतं. त्यांनी गठ्ठ्यावर बसायला नकार दिला आणि आप्पांना गठ्ठ्यावर बसायला सांगितलं. "मी बसतो आई, पर मग गाडी तुमी चालवा," आप्पा म्हणाले.

त्याच वर्षी दुष्काळ होता. लातूरच्या पानावर रोज पाण्याची बातमी असायची. अशाच एका बातमीसाठी अहमदपूर आणि चाकूरच्या मधल्या एका गावात मुलींच्या वसतिगृहावर गेलो होतो. गाव रस्त्यापासून थोडं आत होतं. वसतिगृहाच्या अधीक्षक सुमनबाई कांबळे. पांढरी साडी, खांद्याला पर्स, आणि पंचवीसेक मुलींना नुसत्या नजरेने गप्प करण्याची ताकद. विहीर आटली होती. बोअरचं पाणी खारट, धुण्यापुरतं. पिण्याच्या पाण्याचा टँकर मंजूर व्हायचा होता, पण गाव जुन्या जिल्ह्यातून नव्यात आलं होतं आणि कागद दोन कचेऱ्यांच्या मधल्या वाटेवर होते. त्यात कुणाची लबाडी नव्हती. जिल्हा इतका नवा होता की कपाटं अजून ट्रकमधून उतरत होती.

मी विचारत होतो, बाई उत्तरं देत होत्या. मग त्यांनीच विचारलं, "हे छापल्यावर पाणी येतं का भाऊ?"

"कधी कधी येतं."

"कधी कधी म्हंजे परीक्षेच्या आधी का नंतर? वरून सांगितलंय, पाण्याची सोय न्हाई तर पोरींला घरी पाठवा. दहावीच्या पोरी हैत या. आता घरी गेल्या की परीक्षेआधी हळद लागती. परत कोन पाठवतंय?"

मुली मागे उभ्या होत्या. एकीने मान खाली घातली. तिचं नाव वंदना, हे नंतर कळलं. तिच्या घरी पाहुणे येऊन गेले होते.

बाई बाहेर आल्या आणि त्यांनी गाडीभोवती एक फेरी मारली. "एवढी मोठी गाडी. हिच्यात काय वाहता?"

"पेपर," आप्पा म्हणाले.

"कुठून आनता?"

"नांदेडहून. रोज."

"नांदेडला नदी हाय ना?"

आप्पांनी माझ्याकडे बघितलं. नांदेडला गोदावरी होती आणि त्या वर्षीही आमच्या छापखान्याच्या नळाला पाणी येत होतं. हिशोब जागेवरच झाला. पिण्यासाठी आणि स्वयंपाकासाठी रोज शंभर लिटर लागणार. पाण्याच्या वजनाला तराजू लागत नाही. एक लिटर म्हणजे एक किलो. शंभर किलो म्हणजे दीड-दोन माणसं. एवढं तर गाडी नेईल, असं आम्हाला वाटलं.

पहिल्या दिवशी आम्ही चूक केली. गठ्ठे नेहमीप्रमाणे समोर लावले, मागची सीट काढली आणि तिच्या जागी पत्र्याची दोन पिंपं उभी केली. दोन्ही अर्धी भरली. काठोकाठ भरलं तर रस्त्यात सांडेल आणि जड होईल, म्हणून अर्धी. पाण्याचा थेंब वाया जाऊ नये, या काळजीपोटीच हे केलं. दुष्काळात प्रत्येकजण असाच विचार करत होता.

लोहा गेलं. अहमदपूरच्या अलीकडे उतार लागतो. उजाडलं होतं. उताराच्या तळाशी शेळ्यांचा कळप रस्ता ओलांडत होता. आप्पांनी बऱ्याच लांबून ब्रेक दाबला. गाडी थांबायला आली, आणि आतल्या पाण्याने तिला पाठीमागून पुन्हा ढकललं. पुढे आदळलेलं पाणी मागे गेलं, तिथून परत पुढे आलं. आप्पांनी चाक वळवलं आणि गाडी रस्ता सोडून ढेकळांच्या शेतात उभी राहिली. शेळ्या, माणसं, गाडी, सगळं शाबूत होतं. पिंपावर बांधलेलं फडकं सुटलं होतं आणि अहमदपूरचे गठ्ठे पाण्यात बसले होते.

शेळीवाल्या म्हाताऱ्याने खिडकीतून आत बघितलं. "अरारा. पाऊस पडला का गाडीत?"

अहमदपूरच्या एजंटने ओला गठ्ठा उचलला, पिळला आणि म्हणाला, "साहेब, आज बातमी काय हाय?"

पहिल्या पानावर पाणीटंचाईची बातमी होती. त्याने ती वाळत घातली. उरलेलं पाणी घेऊन वसतिगृहावर पोचलो आणि बाईंना घडलेलं सांगितलं. त्यांनी तोंडाला पदर लावला, पण हसू लपलं नाही.

"डोक्यावर घागर घेऊन चाललात का कधी तुमी दोघं? भरलेली घागर गप बसती. अर्धी हिंदकळून मान मोडती. आन पिंप कशाला पायजे? आमच्याकडं तेलाचे डबे हैत की."

लातूर तेलगिरण्यांचं गाव आहे. पत्र्याचा चौकोनी, पंधरा किलोचा तेलाचा डबा तिथल्या प्रत्येक स्वयंपाकघरात रिकामा पडलेला असतो. वसतिगृहात सात निघाले. तोंडापर्यंत भरायचे, लाकडी बूच ठोकायचं, एकमेकांना चिकटवून ठेवायचे. चौकोनी असल्यामुळे मधे जागा राहत नाही आणि आतल्या पाण्याला पळायला वाव राहत नाही. सात डबे म्हणजे शंभर लिटरपेक्षा थोडं जास्तच.

पण नांदेडला ओल्या गठ्ठ्यांची बातमी आमच्याआधी पोचली होती. व्यवस्थापकांनी बोलावलं.

"आपण पेपर वाटतो, पाणी नाही. गाडी आधीच जड. तिच्यात आणखी शंभर किलो? लातूरचे गठ्ठे उशिरा पोचले तर दुसरा पेपर वाचकांची चहाची वेळ खाऊन टाकेल. ते पान चाललं नाही तर बंद करायला मला वरून सांगतील. मग काय करणार?"

त्यांचं म्हणणं चुकीचं नव्हतं. वजन वाढलं की चढावर वेग पडतो, उतारावर लवकर ब्रेक धरावे लागतात, थोडा थोडा वेळ सगळीकडेच जातो. त्यावर बातमीदाराकडे एकच उत्तर असतं. आधी नक्की आकडा काढायचा. मी त्यांना विचारलं, "पाणी न घेता गाडीत आत्ता किती वजन आहे, हे बघू का?"

मोंढ्यात, म्हणजे धान्याच्या बाजारात, ट्रक तोलायचा भुईकाटा होता. संध्याकाळी काटा मोकळा असताना गाडी तिथे नेली. व्यवस्थापकही आले. पेपर नव्हते, माणसं उतरलेली होती, गाडी रिकामी होती. आधी पुढची चाकं काट्यावर घेतली, मग मागची, मग पूर्ण गाडी. काटेवाला आकडा बघून म्हणाला, "रिकामी न्हाई ही. काहीतरी भरलेलं हाय."

डिकी उघडली. आप्पा दोन पावलं मागे सरकले.

दोन जादा चाकं. ट्रक उचलायचा जॅक. चिखलात चाकाखाली टाकायला वाळूचं पोतं, जे गेल्या पावसाळ्यापासून तिथेच होतं. लोखंडी साखळी. मागचा एक जादा अ‍ॅक्सल. स्प्रिंगच्या कमानीचे पाटे. खाली, सगळ्यात तळाशी, न विकलेले अंक. एजंटांकडून ते परत आणायचे असतात. आप्पा आणायचे, पण नांदेडला उतरवायचे नाहीत, कारण रद्दीचं कधीतरी काम पडेल. टपावरचं लोखंडी कॅरिअर वेगळंच. त्यावर कित्येक महिन्यांत काही ठेवलेलं मला आठवत नव्हतं.

"हे सगळं कशाला?" व्यवस्थापकांनी विचारलं.

"साहेब, माळरानावर अ‍ॅक्सल तुटला तर कोन येतंय? तुमी येता? मी वीस वर्षं या रस्त्याला गाडी चालवून राहिलो. एकदा बी कुनाला बोलवायची पाळी आली न्हाई."

त्या काळच्या चालकाची भीती खरी होती. गाडी बिघडली तर दुरुस्तीला माणूस मिळायला दिवस जायचा. म्हणून तो दुकान सोबत घेऊन फिरायचा. पण दुकान रोज चढ चढत होतं. पेट्रोल पीत होतं.

सामान एकेक करून खाली ठेवलं. वाळू निघाली, रद्दी निघाली, साखळी निघाली. कॅरिअर सोडवायला वेळ लागला. दुसऱ्या जादा चाकापाशी आप्पा थांबले. त्यावर हात ठेवून उभे राहिले.

"ह्ये राहू द्या."

व्यवस्थापकांनी काट्याकडे बघितलं.  मग आप्पाच म्हणाले, "त्या पोरीचं नाव काय, मान खाली घातलेली?"

"वंदना."

"बरं." आणि चाक उचलून त्यांनी जमिनीवर ठेवलं.

गाडी पुन्हा काट्यावर घेतली. निघालेलं वजन सात भरलेल्या डब्यांपेक्षा थोडं जास्त भरलं. म्हणजे पाणी घेऊन गाडी कालच्याहून जड होणार नव्हती. व्यवस्थापकांनी आकडा दोनदा बघितला. मग म्हणाले, "ठीक आहे. पण लातूर वेळेवर. ज्या दिवशी गठ्ठे उशिरा जातील, त्या दिवसापासून पाणी बंद."

रोज पहाटे छापखान्याच्या नळावर डबे भरू लागलो. पत्र्याचा आवाज ऐकून छपाईची माणसं मदतीला यायची. आप्पा बूच ठोकायचे. आधी डबे, सीटच्या जागी, चाकांच्या पुढे. त्यावर आणि भोवती गठ्ठे, मधे ताडपत्री. लोह्याला एक भार कमी व्हायचा, अहमदपूरला दुसरा, वसतिगृहावर पाण्याचा. तिथून पुढे चाकूर आणि लातूरच्या रस्त्याला गाडी मोकळी धावायची. पाणी ओतून रिकामे झालेले डबे परतताना घ्यायचो. आप्पांच्या लक्षात आलं की कॅरिअर नसल्यामुळे उघड्या माळावरच्या वाऱ्यात गाडी पूर्वीसारखी डुलत नाही. हे त्यांनी मला तिसऱ्या आठवड्यात सांगितलं, आणि तेही तक्रारीच्या सुरात.

मग एका सकाळी दोन चाकं पंक्चर होऊन बसली. पहिलं अहमदपूरच्या आत. ते बदललं. दुसरं वसतिगृहाच्या फाट्याच्या थोडं अलीकडे, वळायला उशीर होऊ नये म्हणून आप्पा घाई करत असताना. आता जादा चाक उरलं नव्हतं. आप्पांनी माझ्याकडे बघितलं आणि खाली उतरले. एखादा टोमणा मारला असता तर बरं वाटलं असतं.

नांदेडहून लातूरला जाणारी एसटी मागून येणार होती. आप्पा रस्त्याच्या मधोमध उभे राहिले. कंडक्टर खिडकीतून ओरडला, "आप्पा, मरायचंय का?"

"मरतो नंतर. आधी पेपर घे."

चाकूरचे आणि लातूरचे गठ्ठे एसटीच्या टपावर गेले. मी आत बसलो. पाण्याचे डबे गाडीत राहिले आणि आप्पा त्यांच्यासोबत. खिडकीतून मागे बघितलं तेव्हा ते रस्त्यावरून गावाच्या दिशेने बघत होते. पुढचं त्यांच्याकडून आणि बाईंकडून ऐकलेलं आहे. गाडी आली नाही म्हणून मुली फाट्यावर येऊन बघत होत्या. त्यांना गाडी एका बाजूला झुकलेली दिसली. बाईंनी पातळाच्या चिंध्यांच्या चुंबळी करायला सांगितल्या. सात मुलींनी सात डबे डोक्यावर घेतले, बाकीच्या आळीपाळीने बदलायला सोबत. वंदना सगळ्यांच्या पुढे होती, कारण तिला डबा डोक्यावर घेऊन पाठांतर करायचं होतं आणि मागे बोलणाऱ्या मुली नको होत्या. आप्पांनी त्यांना रांगेत चालताना बघितलं. "एक थेंब सांडला न्हाई साहेब. आपल्या गाडीपेक्षा बऱ्या."

लातूरचे गठ्ठे त्या दिवशी वेळेवर पोचले. पाणी चालू राहिलं.

परीक्षेच्या थोडं आधी टँकर मंजूर झाला. परीक्षा संपेपर्यंत आम्ही तरीही डबे नेत होतो, कारण टँकर एक दिवसाआड यायचा आणि बाईंचा त्याच्यावर विश्वास नव्हता. दहावीची एकही मुलगी घरी गेली नाही. सगळ्या परीक्षेला बसल्या. सगळ्या पास झाल्या नाहीत, हेही नोंदवलं पाहिजे. ज्या नापास झाल्या त्यांच्यातल्या दोघी पुढच्या वेळी पुन्हा बसल्या.

पुढच्या जूनमध्ये सुमनबाईंनी आप्पांना थांबवलं. तीन मुलींना लातूरच्या कॉलेजात प्रवेश मिळाला होता. वंदना त्यात होती. तिच्या घरच्यांशी बाई तीनदा जाऊन बोलल्या होत्या. तिन्ही मुली, तीन लोखंडी ट्रंका आणि पेपर, एवढं गाडीत घ्यायचं होतं.

आप्पांनी ट्रंका उचलून बघितल्या. मग मुलींकडे वळले. "वजन किती तुमचं?"

मुली हसत सुटल्या. एक म्हणाली, "पोरींला वजन विचारतेत का आप्पा?"

"मला कुठं बसवायचं ते ठरवाय पायजे. लाजू नका. गठ्ठ्याला विचारतो तसंच विचारून राहिलो."

"आमी गठ्ठा का?"

"गठ्ठ्यापेक्षा जास्त बोलता, एवढाच फरक हाय. बसा."

त्या दिवशी आप्पांनी गाडी इतकी सावकाश चालवली की सायकलवाले पुढे गेले. मी घड्याळ बघितलं. ते म्हणाले, "बघा तुमी घड्याळ. मी रस्ता बघतो."

लातूरला मुलींच्या वसतिगृहाच्या फाटकावर पहारेकऱ्याने अडवलं. आत पुरुषांना परवानगी नव्हती. आप्पांच्या खांद्यावर वंदनाची ट्रंक होती, पुस्तकांनी भरलेली.

"मुलीचे कोन तुमी?"

दिवसभर कशावरही बोलणाऱ्या आप्पांनी ट्रंक दुसऱ्या खांद्यावर घेतली. मग माझ्याकडे बघितलं.

वंदना म्हणाली, "आमचे आप्पा हैत. ट्रंक लई जड हाय, मला उचलत न्हाई. येऊ द्या की."

पहारेकऱ्याने फाटक उघडलं. आप्पा आत गेले आणि बराच वेळ बाहेर आले नाहीत. खोली बघितली, खिडकी लागते का ते बघितलं, नळाला पाणी येतं का तेही बघितलं, असं नंतर कळलं.

लातूरचे गठ्ठे त्या सकाळी उशिरा पोचले. एजंटांनी नांदेडला कळवलं. दुसऱ्या दिवशी व्यवस्थापकांनी कारण विचारलं. मी सांगितलं, गाडीत वजन जास्त होतं. ते खरं होतं. कसलं वजन, हे त्यांनी विचारलं नाही.